चार जिवंत सेल

१

मास्तर गेले त्या दुपारी त्यांच्या तिजोरीच्या कीपॅडमध्ये चार ताजे सेल होते. घरातल्या कुणीही ते घातले नव्हते, निदान तसं सगळे सांगत होते. ते आले कुठून, एवढं शोधायला फौजदारांनी मला बोलावलं.

मी तिजोऱ्या बसवते आणि दुरुस्त करते. दुकान वडिलांचं. बाईमाणूस हत्यारांची पेटी घेऊन दारात उभं राहिलं की लोक तिच्या मागे बघतात, मिस्त्री कुठे आहे म्हणून. सव्वीस वर्षं झाली, अजून बघतात. मिस्त्री मीच, असं सांगून मी आत शिरते.

मास्तर म्हणजे नेमबाजीचे मास्तर. शहरातल्या रेंजवर त्यांनी चाळीस वर्षं पोरांना श्वास धरायला शिकवलं. त्यांच्या पिस्तुलाची छोटी तिजोरी तीन वर्षांपूर्वी मीच त्यांच्या झोपायच्या खोलीतल्या कपाटात बसवली होती. किल्ली नसलेली, नुसत्या आकड्यांवर उघडणारी. पुढे त्यांना हात थरथरण्याचा आजार जडला, आवाजही खोल गेला. चार दिवसांपूर्वी मास्तरीणबाई त्यांच्याच गोळ्या आणायला औषधाच्या दुकानात गेल्या होत्या. परत आल्या तेव्हा तिजोरी उघडी होती आणि मास्तर उरले नव्हते.

"त्यांनी स्वतःच केलं, त्यात शंका नाही," फौजदार म्हणाले. त्यांना कायमची सर्दी असते आणि ते कुठलंही वाक्य नाक ओढल्याशिवाय पुरं करत नाहीत. "भानगड दुसरीच आहे. ती तिजोरी आठ महिने बंद पडलेली होती, सेल संपले म्हणून. आणि मास्तरांना शर्टाचं बटण लावता येत नव्हतं. मुलगा म्हणतो, नवे सेल आईनेच घालून दिले. वडिलांच्या मनात काय आहे हे माहीत असताना. तसं लिहून द्यायला निघालाय तो."

"सख्ख्या आईविरुद्ध?"

"दुःखाला डोळे नसतात, ताई." त्यांनी दोन पाकिटं पुढे केली. एकात जुने सेल, जमिनीवर सापडलेले, चार वेगवेगळ्या जातींचे. दुसऱ्यात कीपॅडमधून काढलेले, चारही करड्या रंगाचे. कामाची माणसं वापरतात तो माल. मीही तोच वापरते. सेल हाताला जरा चिकट लागले. फौजदारांच्या नाकाकडे बघून मी मुकाट्याने हात रुमालाला पुसला.

"आणखी एक," ते म्हणाले. "तिजोरी दुरुस्त करायला तुम्हाला तीनदा फोन केला, तुम्ही आलाच नाहीत, असं मास्तर सगळ्यांना सांगायचे."

माझ्या अंगाची लाहीलाही झाली. गिऱ्हाईकाने बोलावलं आणि आम्ही गेलो नाही, असं वडिलांच्या काळापासून एकदाही झालेलं नाही.

मला एकही फोन आला नव्हता.

२

दार मुलाने उघडलं. चाळिशीचा, विमा कंपनीत नोकरीला, दुसऱ्या गावी राहणारा. चार दिवसांची दाढी. त्याने माझ्या मागे बघितलं नाही. त्याला माझ्याशीच भांडायचं होतं.

"वेळेवर आला असतात तर तिजोरी आम्हा सगळ्यांसमोर उघडली असती, बाबांनी एकट्याने उघडली नसती."

"मला कुणी बोलावलंच नाही, दादा."

"आईने तीनदा फोन केला होता."

"दुकानाच्या फोनची नोंद फौजदारांनी बघितली आहे. या घरातून एकही नाही."

 तो खुर्चीवर बसून दोन्ही हातांनी तोंड चोळत राहिला. "म्हणजे तेही खोटं," तो म्हणाला. "मागच्या महिन्यात आलो तेव्हा मी चार नवे सेल आणून आईच्या हातात दिले. निळ्या पट्ट्याचे. म्हटलं, घाल हे, बाबांना सारखं पिस्तूल बघावंसं वाटतं, बघू दे बिचाऱ्यांना. मला काय माहीत त्यांच्या मनात काय होतं! तिला माहीत होतं. काल मला सांगते, 'मला ठाऊक होतं रे.' ठाऊक होतं तरी घातले?"

"कीपॅडमधले सेल निळे नाहीत. करडे आहेत."

"मग माझे कुठे गेले?"

प्रश्न चांगला होता. मी आतल्या खोलीत गेले. कपाट, कपाटात कमरेच्या उंचीवर ती तिजोरी, दार सताड उघडं, आत काही नाही. मी बसवलेले चारही बोल्ट जागच्या जागी होते. खोली कुणीतरी धुऊन काढली होती. तिजोरीच्या समोरच्या भिंतीवर घड्याळ होतं, आणि खोलीत दुसरा आवाज नसल्यामुळे त्याची टिकटिक मोठी वाटत होती.

मी ते घड्याळ भिंतीवरून उतरवलं, उलटं केलं आणि मागचं झाकण काढलं. आत निळ्या पट्ट्याचा नवा सेल होता.

३

बाहेरच्या खोलीतल्या घड्याळात दुसरा निघाला. टीव्हीच्या रिमोटमध्ये तिसरा आणि चौथा. मुलाने आणलेले चारही सेल घरात होते, फक्त तिजोरीत गेलेले नव्हते.

मी फौजदारांनी दिलेलं जुन्या सेलचं पाकीट उघडलं आणि वडिलांचा काट्याचा मीटर काढला. एकेक सेल लावला. काटा अर्ध्यापर्यंत सुस्तपणे चढे आणि तिथेच बसे. असा सेल घड्याळ चालवतो, रिमोट चालवतो. तिजोरीत घातला तर आकडे उजळतात, बीपही होतो. पण दाराचा बोल्ट ओढायची वेळ आली की त्याचा दम संपतो. दार ढिम्म हलत नाही.

मास्तरीणबाई स्वयंपाकघरात ओट्याशी उभ्या होत्या. ओटा स्वच्छ होता, तरी त्या तो पुसत होत्या.

"काकू," मी म्हटलं, "घड्याळांना नवे सेल आणि तिजोरीला घड्याळांचे थकलेले. असं किती दिवस चाललं होतं?"

त्यांनी फडकं पिळलं, वाळत टाकलं, नीट सरळ केलं. मग म्हणाल्या, "आठ महिने."

मुलगा दारात येऊन उभा राहिला होता. त्यांनी त्याच्याकडे बघितलं नाही.

"एकदा मला म्हणाले, 'आता मला घास भरवावा लागतो. यापुढची पायरी मी बघणार नाही.' मी म्हटलं, ते पिस्तूल देऊन टाका. तर म्हणाले, 'तो माझा उजवा हात आहे. आता तेवढाच स्थिर हात उरलाय मला.' तिजोरीचा आकडा मला सांगितला नाही कधी. रेंजचा नियम म्हणे, ज्याचं हत्यार त्याचाच आकडा. मग मी काय करणार होते? तिजोरी माझ्या हातात नव्हती. सेल होते."

"आणि फोन?"

"फोन केला, त्या येते म्हणाल्या, असं मीच त्यांना सांगायचे. तीनदा सांगितलं. तुमच्या नावाला बट्टा लावला मी, माफ करा." त्यांनी पदराने हात पुसले. "रविवारी रविवारी ते आकडे दाबायचे. डाव्या हाताने उजवा धरून. दिवा लागायचा, बीप व्हायचा, आणि मी इथे उभी राहून देवाला म्हणायचे, नको रे उघडू. मग ते येऊन म्हणायचे, 'आजही नाही.' आणि मी म्हणायचे, 'अगंबाई, आजही नाही का?'"

 मुलाचा राग मला पुरता शमलेला दिसेना. तो म्हणाला, "कुणाला सांगितलं का नाहीस? डॉक्टरांना? मला?"

"त्यांनी शपथ घातली होती. आणि मला वाटलं, मी पुरेन." मग त्या माझ्याकडे वळल्या. चार दिवस जो प्रश्न त्यांना गिळत होता तो त्यांनी मला विचारला. "सेल पडून राहिले की पुन्हा जोर धरतात म्हणे. खरं का हो? नाहीतर एखादा नवा माझ्या हातून चुकून गेला असेल. चष्मा नव्हता एकदा. मीच उघडून दिली का त्यांना?"

मी सांगितलं की शोधून काढते. असं कुणाला वचन देऊ नये.

४

मास्तर गेले त्याच्या आदल्या दिवशी घराबाहेरचं एकच माणूस तिथे आलं होतं, मास्तरांची शिष्या. पंचविशीची, यंदाची विजेती, आता रेंजवर स्वतःच शिकवणारी. आणि रेंजवरच्या सगळ्या यंत्रांत करडे सेल असतात, ही गोष्ट फौजदारांनी मला दोनदा नाक ओढून सांगितली.

ती रेंजच्या साठवणीच्या खोलीत कागदी लक्ष्यं मोजत होती. तिचे डोळे सुजलेले होते.

"काकूंवर येतंय का?" तिने पहिलंच विचारलं. "मी ऐकलं."

"तू सेल नेले होतेस का सरांकडे?"

"नाही, ताई. मोजा हवं तर." तिने कपाट उघडलं. बंद खोका होता, वरचं कागदी सीलही फाटलेलं नव्हतं. "मी पदक दाखवायला गेले होते. सरांनी ते हातात धरलं, तर त्याची फीत नुसती हलत होती. म्हणाले, 'तुझा हात स्थिर राहिला ना? मग माझाही राहिला.' मला रडू आलं. मग ते हसवायला लागले. सरांना कुणी रडलेलं चालायचं नाही."

"काय बोललात आणखी?"

"इकडचं तिकडचं. रेंजवरच्या गप्पा. कोण जाडं झालं, कुणाचा नेम बिघडला. तुमचंही नाव निघालं. सर म्हणाले, तिजोरीवाली येतच नाही. मी म्हटलं, असं होणारच नाही, सर, त्या ताई फार काळजीच्या. मागे आमची मोठी तिजोरी स्पर्धेच्या सकाळी बंद पडली होती, तर तुम्ही ठेवलेला जास्तीचा जोड कामाला आला. नाहीतर आमची अब्रूच गेली असती." ती जरा हसली. "सरही हसले. म्हणाले, 'खरंच की.'"

कौतुक कुणाला नको असतं? दिवसभरात माझ्याबद्दल कुणी पहिल्यांदाच बरं बोललं होतं. मी ते पदरात पाडून घेतलं आणि निघाले.

तिने मला फाटकापर्यंत सोडलं. "ताई, सर दमलेले वाटत नव्हते हो त्या दिवशी," ती म्हणाली. "खुश होते. मला वाटलं, बरे होतायत."

५

दुकानात येऊन मी दोन्ही पाकिटं टेबलावर ओतली.

वडील म्हणायचे, कुलूप खोटं बोलत नाही, माणूस बोलतो, म्हणून आधी कुलपाशी बोलावं. मी बोलायला बसले.

जुने सेल जमिनीवर सापडले होते, एक तर पार पलंगाखाली गेलेला. स्थिर हाताचं माणूस जुने सेल काढून फळीवर ठेवतं. ते सांडले होते. कारण झाकण तळहाताने सरकवलं की सेल आपोआप खाली पडतात, त्याला बोटं लागत नाहीत. म्हणजे काढले मास्तरांनीच, थरथरत्या हातांनी. खोलीत दुसरं कुणी नव्हतं.

मग घातलेही त्यांनीच. पण कसे? चार बारीक सेल, एक सुलटा एक उलटा, प्रत्येक स्प्रिंगवर दाबून बसवायचा. धडधाकट माणसंही दोनदा चुकतात. ज्याला बटण लावता येत नाही त्याला हे कसं जमलं?

एकच उत्तर होतं. त्यांना चार सेल घालावे लागलेच नाहीत. एकच वस्तू घालावी लागली.

मी करडे सेल पुन्हा हातात घेतले. तो चिकटपणा. फौजदारांच्या सर्दीला मी उगीच दोष दिला होता. चिकट पट्टा प्रत्येक सेलच्या बरोबर मधोमध होता, आणि तोही पूर्ण गोल नाही, एकाच बाजूला. मी चारही सेल शेजारी शेजारी धरले, दोन सुलटे, दोन उलटे. चिकट बाजू बाहेर आल्या आणि चौघांभोवती एकच सलग पट्टा तयार झाला.

मी फौजदारांना फोन लावला. "साहेब, सेल काढले तेव्हा ते सुटे होते का?"

"नाही हो. काळ्या चिकटपट्टीने एकत्र बांधलेले होते. सोडवून पाकिटात घातले मी. का?"

मी फोन खाली ठेवला. 

गिऱ्हाईक सेल उलटे घालतं, मग तिजोरी बिघडली म्हणून बोंब मारतं. म्हणून वडील चार सेल बरोबर क्रमाने काळ्या पट्टीत बांधून द्यायचे. गड्डी आत सरकवली की काम झालं. अशी एक जास्तीची गड्डी तिजोरीच्या बाहेर, तिच्यावर कपाटाची जी फळी असते तिच्या पोटाला चिकटवून ठेवायची. पैसे घ्यायचे नाहीत, बिलात लिहायचं नाही. "आपल्याला यायला उशीर झाला तर माणूस अडू नये," ते म्हणायचे. मी ते इतकी वर्षं करत आले की हात आपोआप करतो, डोक्याला विचारत नाही. दिवसभर मी घड्याळं उलटी केली, रिमोट उघडले, एका रडणाऱ्या पोरीचं कपाट तपासलं. काखेत कळसा आणि गावाला वळसा.

अशी गड्डी बांधणारा या शहरात एकच हात आहे.

६

दुसऱ्या दिवशी सकाळी फौजदार, मुलगा आणि मास्तरीणबाई, तिघांना मी त्या कपाटासमोर उभं केलं. फळीखाली हात घातला. पट्टीचा चौकोनी ठसा बोटांना लागला. त्यावर तीन वर्षांची धूळ नव्हती, बाकी सगळीकडे होती.

मी सगळं सांगितलं. एकही गोष्ट वगळली नाही, म्हणजे एकच वगळली.

"पण आठ महिने आठवलं नाही, आणि नेमकं आत्ताच कसं आठवलं त्यांना?" फौजदारांनी विचारलं. माणूस हुशार आहे, सर्दी डोक्यात गेलेली नाही.

"तिजोरी बसवताना मीच दाखवली होती," मी म्हटलं. "आठवण कधीही येते, साहेब."

अर्धं खरं होतं ते. दाखवली होती हे खरं. बाकीचं अर्धं, म्हणजे आदल्या दिवशी गप्पांत त्यांच्यासमोर निघालेला तो जास्तीचा जोड, मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. ती पोरगी पंचवीस वर्षांची आहे, तिला अजून खूप वर्षं हात स्थिर ठेवायचा आहे.

फौजदारांनी वही उघडली आणि मिटली. "यात लिहिण्यासारखं काही नाही, ताई. तुमचा गुन्हा होत नाही."

"माहीत आहे."

मास्तरीणबाई एवढा वेळ भिंतीला टेकून उभ्या होत्या. त्यांनी मला विचारलं, "म्हणजे माझे सेल मेलेलेच होते?"

"मेलेलेच होते, काकू. मी चारही तपासले. असे चाळीस घातले असते तरी ते दार उघडलं नसतं. तुम्ही कुठेही चुकला नाहीत."

त्या खाली बसल्या, जमिनीवरच. मास्तर गेल्यापासून पहिल्यांदा मोठ्याने रडल्या. मुलगा आधी नुसता उभा होता. मग तोही खाली बसला आणि आईच्या मांडीवर डोकं ठेवून लहान पोरासारखा म्हणत राहिला, "आई, मी काय काय बोललो गं तुला, काय काय बोललो." त्या त्याच्या केसांवरून हात फिरवत होत्या. माझा तिथे काही उपयोग नव्हता, म्हणून मी हत्यारांची पेटी उचलली.

दारापाशी त्यांनी मला गाठलं. मला वाटलं, आता शिव्या देतील. मला त्या हव्याही होत्या.

"तुम्ही ती गड्डी चांगल्यासाठीच ठेवली होतीत," त्या म्हणाल्या. "ते अडू नयेत म्हणून. मी ते अडावेत म्हणून धडपडत होते. तुम्हाला बिचारीला काय ठाऊक!" मग फौजदारांकडून परत मिळालेलं जुन्या सेलचं पाकीट त्यांनी माझ्या हातात ठेवलं. "हे तुम्ही न्या. माझ्याच्याने टाकवत नाहीत."

त्या आठवड्यापासून मी जुन्या गिऱ्हाइकांकडे जाते आहे. जिथे तिजोरीत हत्यार आहे तिथली गड्डी काढून आणते. नवी तिजोरी बसवताना आधी विचारते, घरात कोण कोण असतं, कशी आहेत सगळी, झोप लागते का. लोकांना वाटतं, बाई भोचक आहे. वाटू दे. शिष्या रेंजवर भेटली की मला मिठी मारते आणि म्हणते, काकूंना तुम्हीच सोडवलंत. मी तिला मिठी मारू देते.

ते चार सेल माझ्या टेबलाच्या खणात आहेत. पडून राहिले की सेल पुन्हा जोर धरतात, हे अगदीच खोटं नाही. थोडासा धरतात. मास्तरीणबाईंना मी ते सांगितलं नाही. म्हणून दर रविवारी दुकान बंद करण्यापूर्वी मी वडिलांचा मीटर काढते आणि एकेक लावून बघते. काटा उठतो, अर्ध्यापर्यंत येतो आणि थांबतो. चारही वेळा थांबतो. मग मी त्यांना म्हणते, शाबास, आणि खण लावून घरी जाते.